शालनच्या नावानं आलेलं बोलावणं

मालक, तुम्ही चोर आहात!

हो, तोंडावर सांगतो. तुम्ही माणसाचं नाव चोरता! त्याला न विचारता, त्याच्या नावानं गावभर बोलावणी धाडता, आणि वर म्हणता — आम्ही माणसं जोडतो!

— मंडळी, दचकू नका. देवस्थानाचे अध्यक्ष, तुम्ही पाणी प्या. तुम्हाला नाही म्हणालो. अजून तरी नाही!

मी म्हणतोय त्या मालकाला, ज्याचं तोंड तुम्ही-आम्ही कधी पाहिलं नाही, पण जो आपल्या खिशात बिऱ्हाड करून बसलाय. मोबाइलमधल्या खेळाचा मालक! तो काय करतो? फुकट खेळ देतो. रंगीबेरंगी. बोट लावलं की फुलं फुलतात, घंटी वाजते, माणूस खूश! सुरुवातीला एक मोठं बटण — 'सुरू करा'. आणि त्याच्या खाली, मुंगीनं चष्मा लावून वाचावं एवढ्या अक्षरात — तुमच्या ओळखीच्या सगळ्यांना तुमच्या नावानं बोलावू का? आपण वाचतो? छे! आपण लग्नाच्या पंगतीतसुद्धा ताटात काय पडलं ते बघत नाही, हे कुठलं वाचणार? दाबलं! गेलं! तुमचे सोयरे, तुमचा सावकार, गुरांचा डॉक्टर, तलाठी — सगळ्यांच्या फोनवर टिंग! 'अमुक अमुक यांनी तुम्हाला फुलबागेत बोलावलं आहे.'

मला आलं होतं! ऐन एकादशीला! पोटात साबुदाणा, डोक्यात देव, आणि फोन म्हणतोय, 'तुमचा झेंडू सुकतोय, पाणी घाला.' आता पाणी घालू की कीर्तन करू?

हसा, हसा. तुमच्यातल्या कितीजणांच्या नावानं गेलंय ते मला माहीत आहे. पेटीवाले, खाली बघू नका!

बरं, असली नको असलेली बोलावणी बंद कशी करायची? सोपं आहे. सांगतो, पुढे गोष्टीत येईलच. पण मंडळी, आज मी ज्या प्रश्नासाठी उभा आहे तो निराळा. नको असलेलं बोलावणं — म्हणजे कुणाला नको असलेलं? ज्याला आलं त्याला? की ज्याच्या नावानं गेलं त्याला?

थांबा. घाईनं मान डोलवू नका. आधी ऐका.

पिंपळसोंड नावाचं गाव. त्या गावात एक गल्ली, गल्लीच्या तोंडाला पिठाची गिरणी. गिरणी कुणाची? इंदूबाई घोलपांची. सगळी तिला इंदाक्का म्हणतात. आधी गिरणी नवरा चालवायचा. एके सकाळी पट्टा बदलता बदलता छातीत कळ आली, आणि तो पिठाच्या डब्यांमध्येच आडवा झाला. गेला. मागं राहिली इंदाक्का, लेक, आणि ती गिरणी. तेराव्यानंतर लोकांना वाटलं, आता गिरणी विकणार. इंदाक्कानं पदर खोचला, पट्टा चढवला, बटण दाबलं. तेव्हापासून गल्लीतली प्रत्येक भाकरी त्या बाईच्या हातून जाते!

आता ध्यान द्या हां. भाकरी तिच्या हातची चालते. संक्रांतीच्या बाजरीचं पीठ तिच्या हातचं चालतं. पोळीचा गूळ-तीळ कुटायला तिच्याकडं चालतो. काय चालत नाही? ती! ती स्वतः चालत नाही! संक्रांतीला घरोघर हळदीकुंकू, बायका नटूनथटून या घरातून त्या घरात, आणि इंदाक्काच्या दारावरून जाताना चपला जरा हळू वाजवतात. का? तर तिला ऐकू जाऊ नये! केवढी दया! केवढं मोठं मन!

आणि या गल्लीत राहते शालन. शालन भोईटे. इंदू आणि शालन एकाच हंगामात नवऱ्या होऊन गल्लीत आल्या. पहिली संक्रांत दोघींनी बरोबर केली. हलव्याचे दागिने एकीचे, मापाला बसले दुसरीला, मग अदलाबदल! पंचमीला झिम्मा खेळताना शालनचा पाय मुरगळला तर इंदूनं तिला पाठीवर घेऊन घरी आणलं. अशा मैत्रिणी. सासूची गाऱ्हाणी एकमेकीला सांगायच्या आणि सासू आली की भाजीचा भाव बोलायच्या. समजलं ना कसल्या?

इंदूचा नवरा गेला, आणि शालन काय तुटली नाही हो. असं म्हणू नका. ती दळण घेऊन यायची, बसायची, बोलायची. संक्रांत झाली की दुसऱ्या दिवशी वाण पाठवायची. कागदात गुंडाळून, मागच्या दारानं. कधी वाटी, कधी गाळणी. इंदाक्का ती वाटी पीठ भरायला वापरायची. वाण यायचं, मंडळी. बोलावणं यायचं नाही.

शालनला दोष देऊ नका एवढ्यात. तिच्या घरात सासू होती. तानूबाई. शालन तिला आत्याबाई म्हणायची. आत्याबाईंचा कायदा पक्का. गंमत बघा, आत्याबाई स्वतः विधवा! घरात हळदीकुंकू असलं की म्हातारी पहाटे उठून हळद चाळणार, कुंकू करंड्यात भरणार, तिळगूळ वळणार, आणि बायका यायच्या वेळेला स्वयंपाकघरात जाऊन भिंतीकडं तोंड करून बसणार. सगळं तिनं करायचं. फक्त दिसायचं नाही. आणि तोच कायदा तिनं इंदूला लावायचा!

तर असं चाललेलं असताना शालनच्या फोनमध्ये आली — फुलबाग! शालननं दाबलं 'सुरू करा'. झालं! त्या दिवसापासून इंदाक्काच्या फोनवर रोज सकाळी टिंग. 'शालन भोईटे यांनी तुम्हाला बोलावलं आहे.'

एकदा शालन दळण घेऊन आली. गिरणी घरघरतेय. इंदाक्का ओरडून म्हणाली,

"काय गं, रोज बोलावतीस, आणि घरी गेलं तर चहा पण नसंल!"

"मी? मी कुठं बोलावलं?"

इंदाक्कानं पिठाचा हात पदराला पुसला, फोन दाखवला. शालननं कपाळावर हात मारला.

"अगं बया! हे माझ्या नावानं जातंय? सगळ्यास्नी?"

"सगळ्यास्नी. काल सरपंचाची आई विचारत होती, शालनकडं काय कार्य हाय म्हणून."

"बंद कर गं ते! कटकट नुसती. वर तीन टिंबं असतात बघ, तिथनं बंद होतंय."

इंदाक्कानं फोन पदरात टाकला. म्हणाली,

"ऱ्हाऊ दे."

"तरास न्हाई होत?"

"कसला तरास? सकाळी उठल्यावर कुणीतरी बोलावतंय. बरं वाटतंय."

ती हसत म्हणाली हो! पण शालन हसली नाही. तिनं डबा उचलला, आणि पीठ गरम असताना झाकण लावून निघून गेली. गरम पिठाला झाकण लावलं की घाम सुटून पीठ खराब होतं, इथल्या बायांना विचारा. बाईचं ध्यान ठिकाणावर नव्हतं, एवढंच सांगतो.

मग आली संक्रांत.

आता त्या मालकाची हुशारी बघा! त्याला कुठून कळलं कोण जाणे, आपल्याकडं संक्रांत आहे. त्यानं फुलबागेत हळदीकुंकू मांडलं! चित्रातलं तबक, चित्रातला करंडा, चित्रातला तिळगूळ. आणि सकाळी इंदाक्काच्या फोनवर काय आलं? — 'शालन भोईटे यांनी तुम्हाला हळदीकुंकवाला बोलावलं आहे. वाण घ्यायला या.'

गिरणी चालू होती. इंदाक्कानं वाचलं. परत वाचलं. आणि बटण दाबून गिरणी बंद केली.

दळणाला आलेली एक म्हातारी म्हणाली, "अगं, माझं अर्धंच झालंय!"

"अर्ध्याच्या भाकरी करा आज. मला बोलावणं आलंय."

ती घरात गेली. हातातोंडाचं पीठ धुतलं. पेटीतनं काळी साडी काढली. संक्रांतीची, बारीक बुट्ट्यांची, नवऱ्यानं आणलेली. नेसली. लेक म्हणाली, "आई, अगं तो खेळ हाय! यंत्र पाठवतंय ते!"

"मला काय समजत न्हाई व्हय? गिरणी चालवते मी. यंत्र काय करतं आणि माणूस काय करतो, मला कळतं."

"मग कशाला जातीस?"

"विचारायला."

आणि निघाली. मागच्या दारानं नाही! भर गल्लीतनं, पुढच्या दारानं!

मंडळी, डोळ्यांपुढं आणा. शालनच्या सोप्यात सतरंजी. त्यावर गल्लीतल्या बायका. काळ्या साड्या, गजरे, हातात तिळगूळ. वाणाला चाळण्या मांडल्यात. कुणीतरी उखाणा घ्यायला लागलंय, नवऱ्याचं नाव ओठावर आलंय, आणि उंबऱ्यात इंदाक्का उभी!

उखाणा तिथंच राहिला. नवरा अधांतरी!

आतनं, स्वयंपाकघरातनं आत्याबाईंचा आवाज आला. "कोण आलंय गं?"

"इंदाक्का," कुणीतरी म्हणालं.

"दळण आणलं आसंल. मागच्या दारानं घे म्हणावं."

इंदाक्का हलली नाही. तिनं फोन पुढं धरला.

"शालन, हे तुझ्या नावानं आलंय. हळदीकुंकवाला बोलावलंय असं म्हणतंय. हे तू पाठवलं न्हाईस, मला ठाऊक हाय. मी येडी न्हाई. पर नाव तुझं हाय. म्हणून विचारायला आली. खरं का खोटं, तोंडानं सांग."

शालनच्या हातात करंडा. म्हणते, "अगं, ते आपोआप जातंय गं..."

"मी ते विचारलंच न्हाई."

कोपऱ्यातली एक बाई खिदळली. अशी एक असतेच, इथंही असेल! म्हणाली, "तलाठी भाऊसाहेबालाबी गेलंय ते. तो न्हाई आला वाण घ्यायला!"

बायका हसल्या. आणि इंदाक्काही हसली बरं का. म्हणाली, "त्याला कुठल्या दारात अडवत न्हाईत बाई. त्याला काय नवल बोलावण्याचं?"

आत्याबाई उठल्या. स्वयंपाकघराच्या दारापर्यंत आल्या. दाराबाहेर पाऊल नाही हां, कायदा म्हणजे कायदा! तिथनंच म्हणाल्या,

"इंदे, यंत्रानं बोलावलंय तुला. घरानं न्हाई."

"मग यंत्रच बरं की आत्याबाई! त्याला माझं कपाळ दिसत न्हाई."

काय उत्तर आहे यावर? सांगा! मी कितीतरी पोथ्या उलटल्या, मला सापडलं नाही.

मग इंदाक्का उंबऱ्याच्या बाहेरूनच वाकली, आणि फोन शालनच्या हातात दिला.

"खोटं असंल तर खोटं. माझं काय भांडण न्हाई. पर मग ते बंद कर. तूच म्हणालीस, वर तीन टिंबं असतात. रोज सकाळी येतंय, रोज मी वाचते. आता पुरे. तुझ्या हातानं बंद कर आणि दे. मी जाते, गिरणी खोळंबलीया."

शालननं करंडा खाली ठेवून तीन टिंबं दाबली. मंडळी, मघाशी म्हणालो ना, सांगतो — हे ते. तीन टिंबं दाबली की खाली दोन ओळी येतात. पहिली ओळ, 'या खेळाची निमंत्रणं बंद करा.' दुसरी ओळ, 'या व्यक्तीची निमंत्रणं बंद करा.' पहिली दाबली की तो खेळ गप्प बसतो, कुणाच्याही नावानं येत नाही, आणि माणूस जिथल्या तिथं राहतो. दुसरी दाबली की माणूसच बंद! त्याचं काहीच येत नाही. घरी जाऊन करा. पण नीट वाचून करा! चिडून खालची दाबणारे खूप आहेत. मग सहा महिन्यांनी मला विचारतात, बुवा, मेहुणा का बोलत नाही?

शालननं अंगठा पहिल्या ओळीवर नेला.

"ती न्हाई," इंदाक्का म्हणाली. "खालची."

"आं?"

"खेळानं माझं काय वाकडं केलंय? तो बिचारा रोज बोलावतोय. त्याला कशाला बंद करतीस? ज्याला मी नको हाय, त्याचं नाव बंद कर. तुझं."

काय बोलली बाई! सोप्यातल्या एकीलाही मान वर करता येईना. मघाची खिदळणारी चाळणीची भोकं बघत बसली!

मृदंग थांबवा जरा. मृदंगवाले, थांबवा. इथं वाजवायचं नसतं.

मंडळी, आता शालनच्या जागी उभे राहा. हातात मैत्रिणीचा फोन. अंगठ्याखाली स्वतःचंच नाव. एका बाजूला सतरंजीभर बायका, उद्या गल्लीत काय बोलतील? दुसऱ्या बाजूला सासू, तिचं सारं आयुष्य त्या कायद्यात गेलेलं. आणि पुढ्यात ती, जिनं पाठीवर घेऊन घरी आणलं होतं. एवढ्याशा काचेवर एवढंसं बोट. तुम्ही काय दाबलं असतं? खरं सांगा! देवळात बसलाय, खोटं बोलायची सोय नाही.

शालननं पहिली ओळ दाबली. खेळ बंद केला.

म्हणाली, "झालं. आता ते यंत्र परत कधी तुला बोलावायचं न्हाई."

इंदाक्कानं हात पुढं केला. फोन घ्यायला. शालननं फोन दिला नाही. तो तिनं सतरंजीवर ठेवला, करंडा उचलला, आणि उंबऱ्याशी आली.

"आता मी बोलावते. माझ्या तोंडानं. इंदे, आत ये."

आवाज फुटला होता तिचा. शब्द धड उमटला नाही. पण उंबऱ्यापलीकडं पोचला, आणि तेवढं पुरे होतं.

इंदाक्का तिथंच उभी. एवढा वेळ तलवारीसारखी बोलत होती ना? आता पाय उचलेना! माणसाला नकार सोसायची सवय होते हो. होकाराचं काय करायचं तेच कळत नाही. शालननं हात धरला, आत ओढली, सतरंजीवर बसवली. हळद लावली. बोट कुंकवाकडं गेलं, आणि इंदाक्कानं डोळे मिटले.

लावलं!

आकाश कोसळलं? नाही. वीज पडली? नाही. दोन बायका उठल्या, चपला घालून निघून गेल्या. हे खरं, ते मी लपवत नाही. गोड गोष्ट सांगायला नाही उभा राहिलो. उठणाऱ्या उठतात! बाकीच्या बसल्या. आणि ज्या बसल्या त्यांतल्या एकीनं पुढं होऊन इंदाक्काच्या हातावर तिळगूळ ठेवला. कोण असेल? तीच! खिदळणारी! माणसाचा हिशेब आधी करून ठेवू नये, तो असा.

शालननं वाणाची चाळणी इंदाक्काच्या ओटीत घातली. ती घेता घेता इंदाक्काची नजर गेली स्वयंपाकघराच्या दाराकडं. तिथं आत्याबाई अजून उभ्या. चौकटीला धरून.

इंदाक्का म्हणाली, "आत्याबाई, तुम्ही पण या की."

म्हातारीनं काय म्हणावं? रागवावं? शाप द्यावा? म्हातारी म्हणाली,

"मला कुणी बोलावलंय? माझ्याजवळ तर फोनबी न्हाई."

...

हसू आलं ना तुम्हाला? मलाही आलं होतं, पहिल्यांदा ऐकलं तेव्हा. मग कळलं, आपण कुणाला हसलो. अहो, आयुष्यभर दुसऱ्यांची हळद चाळणारी बाई! भिंतीकडं तोंड करून बाहेरचे उखाणे ऐकणारी! आपण म्हणत होतो, ही कायदा करणारी. ही तर त्या कायद्यात सगळ्यांच्या आधीपासून कोंडलेली! आणि कुणी कधी, एकदा तरी, तिला विचारलं? सुनेनं? लेकानं? यंत्रानंसुद्धा नाही!

शालन करंडा घेऊन उठली. स्वयंपाकघराच्या दाराशी गेली. म्हणाली, "आत्याबाई, मी बोलावते."

"नगं गं. आता कशाला? लोक काय म्हणतील?" असं म्हणून म्हातारीनं तोंड फिरवलं.

तोंड फिरवलं, मंडळी. पण हातानं, हळूच, कपाळावरचा पदर मागं सारला.

संपली गोष्ट. पुढं काय झालं ते मला विचारू नका. गल्लीत बोलणं झालं असेल, भांडणं झाली असतील, व्हायचीच. गिरणी चालू आहे. दळणाला आलेल्या त्या म्हातारीचं राहिलेलं अर्धं दळण त्या दिवशी संध्याकाळी पुरं झालं, एवढं पक्कं ठाऊक आहे.

आता तुमच्याकडं येतो.

पुरुष मंडळी, तुम्ही गालात हसताय. बायकांचा कार्यक्रम, आपला काय संबंध? संबंध आहे! घरात वास्तुशांत असली की आईला मागं बसवून पूजेला दुसरं जोडपं शोधणारे तुम्हीच. लेकीच्या लग्नात, तिला एकटीनं वाढवणाऱ्या आईनं अक्षता लांबून टाकाव्यात, हे ठरवणारे तुम्हीच. मोबाइलवरचा खेळ मात्र तुम्हाला छळतो! नको असलेली बोलावणी येतात म्हणून तक्रार करता! अरे, ज्यांना एकही बोलावणं येत नाही अशा बाया तुमच्या घरात आहेत, त्यांची तक्रार कुणी लिहून घ्यायची?

आणि माय-भगिनींनो, तुमच्यावर रागावताना माझा आवाज खाली येतो. तुमच्यातल्या प्रत्येकीला आतून धाक आहे — उद्या माझ्यावर वेळ आली तर? म्हणून आज तुम्ही त्या बाईकडं बघत नाही. मला कळतं ते. पण बघायला हवं.

पलीकडं, त्या शेवटच्या भिंतीला टेकून बसलेल्या आयांनो, तुम्हाला पुढं जागा नव्हती? होती. मी इथून बघतोय, पुढची सतरंजी रिकामी आहे. तुम्ही आपणहून मागं बसलात, कारण कधीतरी कुणीतरी तुम्हाला मागं बसवलं होतं.

अध्यक्ष, आता तुम्हाला म्हणतो. पाणी बाजूला ठेवा. उद्या या सभामंडपात देवस्थानाचं हळदीकुंकू आहे. बाहेर फलक लावलाय, येताना वाचला मी, 'फक्त सुवासिनींसाठी'. तो कुणी लिहिला हे मी विचारत नाही. रंगाऱ्यानं लिहिला म्हणाल. छापखान्यानं लिहिला म्हणाल. आपोआप झालं म्हणाल! शालनही तेच म्हणाली होती. मीही, इंदाक्कासारखाच, ते विचारलेलं नाही.

मी एवढंच विचारतो. त्या भिंतीपाशी बसलेल्या या आयांना उद्याचं बोलावणं आहे, की नाही? हो म्हणायचं असेल तर उठा, त्यांच्यापर्यंत चालत जा, आणि स्वतःच्या तोंडानं बोलवा. नाही म्हणायचं असेल तरी उठा, आणि त्यांच्या डोळ्यांत बघून 'नाही' म्हणा.

टाळ थांबलेत. आरती मी सांगितल्याशिवाय होणार नाही. अध्यक्ष, बोला — हो की नाही?